काचेचे कापड आणि लहान देशाची किंमत

आंतरराष्ट्रीय व्यापाराचा पाठ शिकविताना दरवर्षी एक प्रश्न हमखास येतो. फळ्यावर मागणी-पुरवठ्याच्या रेषा काढून ‘समजा, हा एक लहान देश आहे’ असे म्हटले, की मागच्या बाकावरून कोणीतरी विचारतो, “सर, लहान म्हणजे किती लहान?” प्रश्न दिसतो तितका भाबडा नाही. अर्थशास्त्रात देशाचे लहानपण चौरस किलोमीटरांत मोजत नाहीत, आणि डोकी मोजूनही ठरवीत नाहीत. ज्या देशाने एखादी वस्तू कितीही घेतली वा कितीही विकली तरी तिची जागतिक किंमत तसूभरही हलत नाही, तो त्या वस्तूपुरता लहान देश. तो किंमत ठरवीत नाही. ठरलेली किंमत मुकाट्याने स्वीकारतो. पाठ्यपुस्तकात ही व्याख्या दोन ओळींत संपते. व्यवहारात मात्र त्या दोन ओळींत एखाद्या संपूर्ण गावाची पोटापाण्याची कथा सामावलेली असते.

अशा एका गावाची आणि एका वस्तूची हकिकत येथे सांगावयाची आहे. वस्तू म्हणजे काचतंतूचे कापड. गाव म्हणजे उत्तर युरोपातील लात्व्हिया या देशातले, गाउया नदीकाठचे व्हाल्मिएरा. लात्व्हिया हा कोणत्याही मोजपट्टीने लहानच देश आहे. क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या पंचमांशाहून किंचित अधिक; लोकसंख्या १९८९ च्या जनगणनेत सुमारे २६ लाख ६६ हजार होती, ती आता १९ लाखांच्याही आत आली आहे. म्हणजे आपल्या रत्नागिरी जिल्ह्याहून थोडीशी अधिक. एवढ्याशा देशातील पंचवीसएक हजार वस्तीच्या गावातला एक कारखाना चीनसारख्या महाकाय उत्पादकापुढे कसा उभा राहिला, त्याला कोणी आधार दिला, त्या आधाराची किंमत कोणी मोजली, आणि या साऱ्याशी आपला काय संबंध, हे पाहणे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनाच नव्हे, तर प्रत्येक सुजाण नागरिकाला उद्बोधक ठरेल.

वाळूपासून वस्त्रापर्यंत

काचेचे कापड म्हटले की अनेकांना नवल वाटते. पण ते आपल्या घरात केव्हाच शिरले आहे. खिडकीला लावलेली डासांची करडी जाळी बहुधा काचतंतूचीच असते. ज्याला आपण बोलीत ‘फायबर’ म्हणतो त्या टाक्या आणि होड्या, रेडिओ-संगणकातील विजेच्या मंडलांच्या पाट्या, पवनचक्क्यांची अजस्र पाती, आगीपासून बचाव करणारे पडदे, या सर्वांच्या पोटात काचेचे तंतू वा त्यांचे कापड असते.

ते तयार होते असे. वाळू, चुनखडी, पांढरी चिनी माती आणि बोरॉनची संयुगे ठरलेल्या प्रमाणात मिसळून चौदाशे अंश सेल्सियसहून अधिक तापमानाच्या भट्टीत वितळवितात. तो रस प्लॅटिनम व ऱ्होडियम यांच्या मिश्रधातूच्या थाळीतील शेकडो बारीक छिद्रांतून खाली ओढला जातो, आणि केसाहूनही पातळ असे तंतू निघतात. त्यांना रासायनिक लेप देऊन, एकत्र करून त्यांचे सूत बनते. कापूसगिरणीत सुताचा जसा काउंट, तसा येथे ‘टेक्स’: एक किलोमीटर लांबीच्या सुताचे वजन जितके ग्रॅम, तितके टेक्स. हे सूत मागावर चढले की काचेचे कापड विणले जाते.

या कापडाचा एक प्रकार आपल्या कथेत महत्त्वाचा आहे. थंड प्रदेशात इमारतींच्या भिंतींना बाहेरून उष्णतारोधक थर चिकटवितात आणि त्यावर गिलावा करतात. तो गिलावा तडकू नये म्हणून त्यात काचतंतूची जाळी पुरतात. सिमेंटमधील अल्कली काचेला खाते, म्हणून जाळीवर तिच्यापासून बचाव करणारा लेप असतो. सोव्हिएत अमदानीत बांधलेल्या, हिवाळ्यात घरातील सारी ऊब बाहेर सोडणाऱ्या चौकोनी सदनिकांनी लात्व्हियातील गावेच्या गावे भरलेली आहेत. त्यामुळे हा देश या जाळीचा उत्पादक आहे आणि गिऱ्हाईकही आहे. आपल्या चर्चेचे मर्म नेमके येथे आहे.

भट्टीचा स्वभाव

काचतंतूच्या किमतीचे कोडे उलगडावयाचे तर आधी त्या भट्टीचा स्वभाव ओळखला पाहिजे. कापडाचा माग संध्याकाळी बंद करून सकाळी चालू करता येतो. काचेची भट्टी एकदा पेटली की रात्रंदिवस, वर्षानुवर्षे जळत ठेवावी लागते. ती थंड पडली तर आतली काच गोठते, अस्तराच्या विटा तडकतात आणि लाखोंचे भांडवल मातीमोल होते. म्हणून बाजारात मागणी असो वा नसो, काचेचा रस वाहतच राहतो. स्थिर खर्च प्रचंड आणि आणखी एक किलो सूत काढण्याचा सीमांत खर्च त्यामानाने थोडा, अशी येथली रचना असल्यामुळे मंदी आली की उत्पादन घटण्याऐवजी किंमत कोसळते. सरासरी खर्च भरून निघो न निघो, सीमांत खर्चाच्या वर जे मिळेल ते पदरात पाडून घेण्याकडे प्रत्येक कारखानदाराचा कल असतो. मालाचा साठा वाढला की तो देशाबाहेर लोटला जातो.

यात प्रमाणाचा प्रश्न मिसळला की लहान देशाची अडचण ध्यानात येते. साधे गणित मांडून पाहू. समजा, एका पाच मजली इमारतीच्या भिंतींचे क्षेत्रफळ दोन हजार चौरस मीटर आहे. जाळीचे पट्टे एकमेकांवर दहा सेंटिमीटर चढवावे लागतात, म्हणून दहा टक्के अधिक धरून बावीसशे चौरस मीटर जाळी लागेल. एक मीटर रुंद आणि पन्नास मीटर लांब अशा गुंडाळ्या धरल्या तर चव्वेचाळीस गुंडाळ्या. चौरस मीटरला एकशेसाठ ग्रॅम या हिशेबाने सगळ्या इमारतीच्या जाळीचे वजन भरते अवघे साडेतीनशे किलो! म्हणजे वीस टनांच्या एका कंटेनरमध्ये पन्नासहून अधिक इमारतींची जाळी मावते. दुसऱ्या बाजूला, वर्षाला एक लाख टन काचतंतू काढणारी आधुनिक भट्टी दिवसाला पावणेतीनशे टनांच्या आसपास माल देते. सातशेहून अधिक इमारतींना पुरेल इतका माल एका दिवसात! लात्व्हियातील यच्चयावत बहुमजली इमारतींची गरज अशी एक भट्टी काही महिन्यांत भागवून मोकळी होईल.

तेव्हा ज्याची घरची बाजारपेठ विस्तीर्ण, त्यालाच मोठी भट्टी परवडते. ज्याची भट्टी मोठी, त्याचा सरासरी खर्च कमी. आणि ज्याचा खर्च कमी, तो जगाची किंमत ठरवितो. आज जगातील काचतंतूच्या उत्पादनाचा निम्म्याहून अधिक वाटा एकट्या चीनचा आहे. व्हाल्मिएरातील कारखान्याने आपले दर काढावयाचे ते चीनमधील भट्ट्यांचे दर पाहून. व्याख्येतील ‘लहान देश’ तो हाच.

योजनेतून बाजारात

व्हाल्मिएरातील कारखाना १९६३ साली, सोव्हिएत राजवटीत उभा राहिला. त्या व्यवस्थेत किमतीचा प्रश्न मॉस्कोतील कोष्टकांनी सोडविलेला असे. किती काढावयाचे, कोणाला द्यावयाचे आणि काय भावाने, हे वरून ठरून येई. गिऱ्हाईक शोधण्याची दगदग नव्हती. १९९१ मध्ये लात्व्हिया स्वतंत्र झाला, आणि राष्ट्राला स्वातंत्र्य देणाऱ्या त्याच घटनेने कारखान्याची जुनी बाजारपेठ एका रात्रीत परदेश करून टाकली. नव्वदच्या दशकात खाजगीकरण झाले, जर्मन भांडवल आले, तयार मालाची दिशा पूर्वेकडून पश्चिमेकडे वळली. २००४ साली देश युरोपीय संघाचा सभासद झाला आणि कारखान्याला कोट्यवधी ग्राहकांचे दार उघडले. परंतु ते दार एकट्या व्हाल्मिएरासाठी उघडले नव्हते. त्याच दारातून चीनचा मालही येत होता.

२००८ च्या जागतिक अरिष्टाचा तडाखा लात्व्हियाला फार जबर बसला. २००९ या एका वर्षात राष्ट्रीय उत्पन्न दहा टक्क्यांहून अधिक घसरले. अशा वेळी अर्थशास्त्राची पुस्तके सांगतात, की चलनाचे अवमूल्यन करा, निर्यात स्वस्त करा. पण लात्व्हियाचे चलन युरोशी जखडलेले होते आणि सरकारने ते तसेच ठेवण्याचा निर्धार केला. मग ताळमेळ बसावा कसा? मालाची किंमत हातात नाही, चलनाचा दर हातात नाही; उरली ती मजुरी. ती कापली गेली. शिक्षकांचे, कारकुनांचे पगार घटले. जे तरुण होते ते आयर्लंड-इंग्लंडच्या वाटेला लागले. किंमत स्वीकारणे म्हणजे काय, याचे याहून स्वच्छ उदाहरण सापडणे कठीण. बाजारात जो ताण किमतीने सोसला नाही, तो माणसांना सोसावा लागतो.

तक्रार आणि शुल्क

या पार्श्वभूमीवर २०१० साली युरोपीय आयोगापुढे एक तक्रार दाखल झाली. तक्रारदार चार: चेक प्रजासत्ताकातील, हंगेरीतील, जर्मनीतील प्रत्येकी एक उत्पादक आणि लात्व्हियातील व्हाल्मिएराचा कारखाना. आरोप असा, की चीन काचतंतूची जाळी योग्य मूल्याहून कमी दराने युरोपात ओतीत आहे. यालाच अर्थशास्त्रात ‘डंपिंग’ म्हणतात. चार जणांनी एकत्र येण्याचे कारणही ध्यानात घेण्याजोगे आहे. युरोपीय संघात आयातशुल्क बसविण्याचा अधिकार सभासद राष्ट्रांना नाही. तो संघाचा आहे. आणि तक्रार विचारात घेतली जावी, तर तिला संघातील एकूण उत्पादनाच्या निदान चतुर्थांशाचे पाठबळ लागते. लहान देशाला परक्याची किंमत जशी स्वीकारावी लागते, तसे स्वतःचे संरक्षणही दुसऱ्यांच्या संगतीनेच मागावे लागते.

चौकशी झाली. फेब्रुवारी २०११ मध्ये तात्पुरते आणि ऑगस्ट २०११ मध्ये कायम स्वरूपाचे डंपिंगविरोधी शुल्क बसले. त्याचा कमाल दर ६२.९ टक्के. जाळीचे छिद्र लांबी-रुंदीत १.८ मिलिमीटरहून मोठे आणि वजन चौरस मीटरला ३५ ग्रॅमहून अधिक असेल, तर ती जाळी या शुल्काच्या कक्षेत येई. सीमेवर शंभर रुपयांना उतरलेला माल आत शिरताना १६३ रुपयांच्या घरात जाऊ लागला.

यावर एक जुना आक्षेप आहे आणि तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. परका माणूस आपल्याला स्वस्तात माल देत असेल तर त्यात रडण्यासारखे काय? त्याच्या देशातील करदात्याने आपल्या भिंती गरम ठेवण्याचा खर्च उचलला, तर आपण आभार मानावेत! जेकब व्हायनर या अर्थशास्त्रज्ञाने १९२३ साली डंपिंगवर जो ग्रंथ लिहिला, त्यात या आक्षेपाचे उत्तर आहे. स्वस्ताई कायमची असेल तर ती खरोखरच फायद्याची. चार दिवसांची असेल तर तिच्याने फारसे बिघडत नाही. घातक असते ती मधली अवस्था: स्थानिक कारखाने बंद पडेपर्यंत टिकणारी आणि नंतर नाहीशी होणारी स्वस्ताई. विझलेली काचेची भट्टी पुन्हा सहज पेटत नाही, हे आपण पाहिलेच. म्हणून या धंद्यात मधल्या अवस्थेचे भय इतर धंद्यांहून अधिक, आणि म्हणून मर्यादित मुदतीच्या शुल्काचे समर्थन करता येते, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. न्यायमूर्ती रानडे यांनी १८९२ साली पुण्यात डेक्कन कॉलेजात दिलेल्या व्याख्यानात खुल्या व्यापाराची सूत्रे सर्व देशांना आणि सर्व काळी सारखीच लागू पडत नाहीत, असा विचार मांडला होता. तो विचार आजही शिळा झालेला नाही.

मालाचा प्रवास आणि भारताचे नाव

पण शुल्काची भिंत बांधली की पाणी तिला वळसा घालू लागते. चीनहून थेट येणारी जाळी आटली आणि जिथून पूर्वी फारशी येत नव्हती अशा देशांतून ती येऊ लागली. चौकशीअंती २०१२ मध्ये मलेशियातून येणाऱ्या मालावर हेच शुल्क लागू झाले, २०१३ च्या जानेवारीत तैवान व थायलंड यांवर, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात इंडोनेशिया व भारत यांवर. होय, भारतावरही! चिनी माल भारतमार्गे युरोपात पाठविला जातो, असा निष्कर्ष निघाला आणि ‘भारतातून रवाना झालेला’ एवढ्या एका शिक्क्यामुळे इकडच्या मालावर तोच ६२.९ टक्क्यांचा बोजा पडला. आपला माल खरोखर आपल्याच मागांवर विणलेला आहे हे सिद्ध करणाऱ्या भारतीय उत्पादकाला पुढे २०१४ साली सूट मिळाली. परंतु निर्दोषत्व शाबीत करण्याची जबाबदारी त्याच्याच शिरावर आली, हे विसरता येत नाही. एकशेचाळीस कोटींचा आपला देशही या एका वस्तूपुरता त्या फळ्यावरच्या ‘लहान देशा’च्या रांगेत उभा होता.

पैसे कोण देतो?

आता त्या प्रश्नाकडे वळू, जो अशा वादात क्वचितच विचारला जातो. शुल्काचे पैसे देतो कोण? चिनी कारखानदार देतो, अशी सर्वसाधारण समजूत. प्रत्यक्षात सीमेवर शुल्क भरतो तो आयात करणारा, आणि अखेरीस त्याचा मोठा भाग येतो तो भिंतीला जाळी लावून घेणाऱ्या कुटुंबाकडून. व्हाल्मिएरातील कामगार सकाळी कारखान्यात जाळी विणतो. त्याची नोकरी शुल्कामुळे टिकते. संध्याकाळी तो ज्या सदनिकेत परततो, तिच्या दुरुस्तीच्या वर्गणीत त्याच शुल्काचा अंश असतो. एकाच खिशात एका हाताने टाकावे आणि दुसऱ्याने काढावे, असा हा प्रकार.

तरीही या खर्चाविरुद्ध कोणी ओरडत का नाही? कारण इमारतीच्या सगळ्या खर्चात जाळीचा वाटा अत्यल्प असतो. तोटा लाखो कुटुंबांत कणाकणाने विभागलेला, आणि लाभ चार कारखान्यांत एकवटलेला. मॅन्सर ओल्सन याने १९६५ साली दाखवून दिल्याप्रमाणे, ज्यांचे हित एकवटलेले ते संघटित होतात; ज्यांचे विखुरलेले ते गप्प राहतात. चौकशीच्या टेबलाशी उत्पादक बसतो, निर्यातदार बसतो, मोठा आयातदारही बसतो. चौथ्या मजल्यावर गारठणारी पेन्शनर विधवा तेथे कधीच दिसत नाही. शुल्क अन्याय्य आहे असे येथे म्हणावयाचे नाही. त्याचा हिशेब अर्धाच मांडला जातो, एवढाच मुद्दा आहे.

विकत घेतलेला वेळ

डंपिंगविरोधी शुल्क हा इलाज नव्हे. ती विकत घेतलेली मुदत आहे. म्हणून खरी कसोटी अशी, की मिळालेल्या मुदतीत उद्योगाने काय केले? व्हाल्मिएराचे उत्तर संमिश्र आहे.

जमेच्या बाजूला असे दिसते, की कारखान्याने केवळ स्वस्त जाळीवर विसंबून न राहता अधिक कसबाच्या मालाकडे लक्ष दिले. काचतंतूंतील इतर द्रव्ये आम्लाने धुऊन काढली की जवळजवळ शुद्ध सिलिका उरते, आणि तिचे कापड हजार अंशांच्या आसपासची उष्णता सोसते. अशा मालाचा ग्राहक दराच्या आधी खात्री पाहतो. टनांच्या शर्यतीत लहान देश हरणारच. कसबाच्या शर्यतीत त्याला निदान धावता तरी येते. २०१३ साली या कंपनीने इंग्लंडमधील काचकापड विणणारा एक कारखानाही घेतला.

खर्चाच्या बाजूला मात्र मोठी चूक आहे. लहानपणावर मात करावी म्हणून कंपनीने अमेरिकेत, जॉर्जिया राज्यातील डब्लिन या गावी, नवा कारखाना उभारला. हेतू समजण्यासारखा होता: जेथे गिऱ्हाईक मोठे तेथेच जाऊन माल काढावा. परंतु नवी भट्टी म्हणजे नवे कर्ज, आणि काचेच्या भट्टीप्रमाणे व्याजही रात्रंदिवस जळत असते. २०१९ च्या जूनमध्ये अमेरिकेतील उपकंपनीला दिवाळखोरीच्या कायद्याखाली संरक्षण मागावे लागले, आणि त्याच वर्षी मूळ कंपनीवरही धनकोंपासून कायदेशीर संरक्षण घेण्याची पाळी आली. देश लहान असला म्हणजे उद्योगाने मोठी स्वप्ने पाहू नयेत असे नाही. पण ज्याला किंमत ठरविता येत नाही, त्याने कर्ज काढताना दुप्पट सावध असले पाहिजे. विक्रीचा भाव खाली आला तरी हप्ता खाली येत नाही.

पुढे २०२२ साली युक्रेनच्या युद्धामुळे नैसर्गिक वायूचे भाव आकाशाला भिडले. लात्व्हिया दीर्घकाळ रशियन वायूवर अवलंबून होता. १ जानेवारी २०२३ पासून त्याने त्या वायूच्या आयातीवर कायद्याने बंदी घातली. राष्ट्राच्या स्वाभिमानाच्या दृष्टीने निर्णय योग्यच. पण वायू जाळणाऱ्या भट्टीच्या मालकाला आता इंधनाचा भावही जगाकडूनच स्वीकारावा लागतो. एकीकडे विक्रीची किंमत परक्याच्या हाती, दुसरीकडे इंधनाची. या दोन जात्यांच्या मधले पीठ म्हणजे कामगाराची मजुरी आणि कारखान्याचा नफा. जाळीवरील ते २०११ चे शुल्क २०१७ मध्ये वाढविण्यात आले आणि २०२४ च्या जानेवारीत पुन्हा पाच वर्षांसाठी वाढविण्यात आले. तात्पुरता म्हणून दिलेला टेकू दशकभर काढता येत नाही, याचा अर्थ भिंत अजून स्वतःच्या बळावर उभी नाही.

किमतीचे राष्ट्रीयत्व

कोणी म्हणेल, ही लात्व्हियासारख्या चिमुकल्या देशाची व्यथा. तसे नाही. इजिप्तची लोकसंख्या दहा कोटींहून अधिक. तेथे सुएझजवळच्या औद्योगिक वसाहतीत चिनी कंपनीने काचतंतूचे उत्पादन सुरू केले आणि २०१८ पर्यंत तीन टप्प्यांत त्याची क्षमता वर्षाला दोन लाख टनांवर नेली. जमीन इजिप्तची, मजूर इजिप्तचे. भांडवल आणि चिनी सरकारच्या सवलती मात्र चीनच्या. २०२० मध्ये युरोपीय संघाने पवनचक्क्यांच्या पात्यांत वापरल्या जाणाऱ्या काचकापडावर शुल्क बसविले. चिनी मालावर सर्व मिळून कमाल ९९.७ टक्के आणि इजिप्तच्या मालावर ३०.९ टक्के. चीनने दिलेल्या सवलती इजिप्तच्या खात्यावर मांडता येतात, असा पवित्रा संघाने घेतला, आणि युरोपीय न्यायालयाने २०२४ च्या नोव्हेंबरात तो ग्राह्य धरला. आपल्या भूमीवर निघालेल्या मालाचे राष्ट्रीयत्वही परक्या न्यायालयात ठरावे, ही इजिप्तची स्थिती व्हाल्मिएराहून फार वेगळी नाही.

आपल्या अंगणात

हा सारा प्रपंच आपल्याला परका नाही. रायगड जिल्ह्यातील तळोजे येथे आणि गोव्यात बार्देश तालुक्यातील कोलवाळ येथे काचतंतूचे कारखाने आहेत. चिनी काचतंतू स्वस्तात येतो, या तक्रारीवरून भारत सरकारनेही २०१०-११ मध्ये त्यावर डंपिंगविरोधी शुल्क बसविले आणि २०१६ मध्ये त्याची मुदत वाढविली. तळोज्याच्या कामगाराच्या दृष्टीने ते योग्यच होते. परंतु कोकणच्या किनाऱ्यावर लाकडी होडीच्या जागी फायबरची होडी बांधून घेणाऱ्या मच्छीमाराचे काय? त्याच्या होडीतील काचतंतू त्याच शुल्काने महागणार. व्हाल्मिएरातील सदनिकेचा रहिवासी आणि श्रीवर्धन-हर्णैचा मच्छीमार हे एकमेकांना ओळखत नाहीत. पण दोघांच्या खिशाला कात्री लावणारे हात एकाच जातीचे आहेत. आणि दोघांनाही चौकशीचे निमंत्रण कधी आलेले नाही.

मग लहान देशाने करावे तरी काय? शुल्काचा सरसकट धिक्कार करणे सोपे, आणि त्याचा जयघोष करणे त्याहूनही सोपे. दोन्ही टाळून तीन गोष्टींचा आग्रह धरता येईल. एक, संरक्षण द्यावयाचे तर त्याची मुदत आधी सांगावी आणि त्या मुदतीत उद्योगाने काय साधावयाचे तेही लिहून घ्यावे. मुदतवाढ हा हक्क ठरू नये. दोन, प्रत्येक शुल्काबरोबर त्याचे पैसे अखेर कोणाच्या खिशातून जातात, हा हिशेब जाहीर व्हावा आणि वापर करणाऱ्याला चौकशीत जागा मिळावी. तीन, ज्याला टनांनी जिंकता येत नाही त्याने कसबाने जिंकावे. त्यासाठी लागणारे शिक्षण, प्रयोगशाळा आणि कारागिरांची स्थिर नोकरी यांवर खर्च करावा. शुल्काचा पैसा तिजोरीत जमा होतो; त्यातला काही अंश या कामी लागला तर मिळालेली मुदत सत्कारणी लागली असे म्हणता येईल.

‘लहान म्हणजे किती लहान?’ या मागच्या बाकावरच्या प्रश्नाला आता मी थोडे निराळे उत्तर देतो. ज्या देशाला परक्याची किंमत स्वीकारावी लागते तो अर्थशास्त्राच्या दृष्टीने लहान. त्यात लाज वाटण्यासारखे काही नाही, जगातले बहुतेक देश बहुतेक वस्तूंच्या बाबतीत तसेच असतात. पण ती किंमत घरातल्या कोणी किती मोजली, याचा हिशेब जो देश स्वतःच्या नागरिकांना देत नाही, तो मात्र खऱ्या अर्थाने लहान. जागतिक बाजाराची किंमत आपल्या हाती नसेल. हा हिशेब तरी आपल्या हाती आहे.